यादी देण्यात आली

रविवार, १७ ऑगस्ट. स्थळ: दौंड, रेल्वे लाइनीपलीकडचं दोन खोल्यांचं घर. उपस्थित: आमच्या शाळेचे मुख्याध्यापक, आमची माजी विद्यार्थिनी कोमल, जिची पोलीस भरतीत निवड झाली आहे, तिची आई मंदाबाई, आणि मी, शाळेची कारकून. घरच्यांपैकी भाऊसाहेबांची थोरली बहीण. अनुपस्थित: भाऊसाहेब, शाळेचे निवृत्त कारकून. सत्कार त्यांचाच होता.

तळेगाव ढमढेऱ्याहून जीप ठरवून आम्ही गेलो होतो. शाल, नारळ, पेढे, हार, फोटोसाठी पूर्ण चार्ज केलेला मोबाइल, सगळं माझ्या पिशवीत होतं, कारण अशा गोष्टी नेहमी माझ्याच पिशवीत असतात. बहिणीनं दार उघडलं.

"सकाळीच गेला की तो."

"मी फोन केला होता, आम्ही येतोय म्हणून," मुख्याध्यापक म्हणाले.

"व्हय. म्हणूनच गेला."

दोन तास वाट पाहिली. तेवढ्यात कोमलला पडद्यावर बाभळीच्या काट्यानं टोचलेली एक चिठ्ठी दिसली. लग्नपत्रिकेच्या पाठीमागे भाऊसाहेबांच्या तिरक्या अक्षरात लिहिलं होतं, "चार हजार एकशे सात, ट्रेनिंगचे बूट नवे असतील तर आधी आठ दिवस घरात घालून फिर. टाचेला जप." चार हजार एकशे सात म्हणजे कोमल. हा तिचा शाळेच्या जनरल रजिस्टरमधला नंबर. ती इतकी हसली की डोळे पुसावे लागले. बाकी कुणाला काही निरोप नव्हता. मी पत्रिका उलटून पाहिली. पुढच्या बाजूला कुणाच्या तरी लग्नाची वेळ आणि स्थळ होतं.

मी या माणसावर सोळा वर्षं जळत आले. हे आधीच लिहून टाकलेलं बरं, म्हणजे पुढचं वाचायला सोपं जाईल.

सुरुवात 'भाऊसाहेब' या शब्दापासूनच झाली. आमच्याकडे तलाठी भाऊसाहेब, ग्रामसेवक भाऊसाहेब, शाळेचा कारकूनही भाऊसाहेब. बाई कारकून झाली तर तिच्यासाठी असा शब्द नाही. तिला मॅडम म्हणतात, आणि मॅडम तर शाळेत सहा आहेत. आमची टेबलं समोरासमोर होती. माझ्या टेबलावर ट्रे, शिक्के, आवक-जावक, रंगीत चिठ्ठ्या लावलेल्या फायली. त्यांच्या टेबलावर शेंगांची टरफलं. पालक आत आले की माझ्यासमोर उभं राहून माझ्या खांद्यावरून पाहत.

"भाऊसाहेब न्हाईत व्हय?"

"मी आहे ना. काय हवंय? बोनाफाइड?"

"व्हय. पर असू द्या, बसतो मी."

आणि बसत. माझ्याकडे पाच मिनिटांत मिळणाऱ्या दाखल्यासाठी भाऊसाहेब येईपर्यंत तासभर बसत. भाऊसाहेब येऊन आधी कांद्याची चौकशी करत, मग सुनेच्या बाळंतपणाची, मग दाखला मलाच करायला सांगत. पालक जाताना त्यांना हात जोडत.

त्यांना टाचणी चालत नसे. "टाचणी गंजते मॅडम, कागद खाते," म्हणत. शाळेमागच्या बाभळीचे काटे वाळवून त्यांनी एका डबीत भरले होते, कागद त्या काट्यांनी टोचत. तपासणीला आलेल्या साहेबांच्या अंगठ्यात एकदा असा काटा गेला. माझी वार्षिक माहिती त्या दिवशी शंभर टक्के पूर्ण होती, पण साहेबांनी जाताना काट्याची डबी मागून नेली आणि पुढची दोन वर्षं भेटेल त्याला ती गोष्ट सांगितली.

कोरा कागद ते घेतच नसत. जुन्या प्रश्नपत्रिका, पत्रिका, माझ्या कचऱ्याच्या टोपलीतले कागद, ज्याची एक बाजू मोकळी ते सगळं त्यांचं. हे कागद खताच्या पोत्यात जात. पोत्यातले गठ्ठे महिन्यांवर लावलेले नसत, पिकांवर असत. पेरणी, कांदा लागण, ऊसतोड, कांदा काढणी. मी एकदा विचारलं, मार्चचा पत्रव्यवहार कुठे मिळेल. "मार्चचा न्हाई सांगता येणार. गहू काढायला आल्ता का काढून झाल्ता, ते सांगा." मी सांगू शकले नाही. त्यांनी मुख्याध्यापकांसमोर माझ्याकडे खऱ्या सहानुभूतीनं पाहिलं.

आणि ते नंबर. शाळेत नाव घातलेल्या जवळजवळ प्रत्येक मुलाचा जनरल रजिस्टरचा नंबर त्यांना पाठ होता. बाजारात बायकापोरांसह चाललेल्या बाप्याला हाक मारत, "काय रं, दोन हजार नऊशे तीस, ऊस गेला का?" आणि तो बाप्या पोरासारखा लाजून थांबे. मी त्या रजिस्टरला सूची केली होती, आडनावांप्रमाणे, आठ महिने खपून. ती कुणी उघडली नाही. उघडायची गरजच पडली नाही.

वकिलीची दोन वर्षं त्यांनी केली होती. तिसऱ्या वर्षाची परीक्षा आणि शाळेची दहावीची बोर्डाची परीक्षा एकाच आठवड्यात आल्या, ते केंद्रावर थांबले आणि वकिली राहिली ती राहिलीच. पण ओढ गेली नव्हती. वर्षातून सात-आठ वेळा त्यांचं पोट दुखे. त्या दिवशी ते शिरूरच्या कोर्टात मागच्या बाकावर बसून दुसऱ्यांचे खटले ऐकत. दुसऱ्या दिवशी चपला टेबलाखाली काढून व्हरांड्यात अनवाणी फिरत आम्हाला निकाल सांगत. शिपाई, शिक्षक, खिचडी शिजवणाऱ्या बायका, सगळे ऐकायला जमत.

आता कोमलचं.

दोन वर्षांपूर्वी जुलैत सकाळची एसटी आमच्या फाट्यावर थांबेनाशी झाली. मुलं शाळेत दहाच्या पुढे पोचू लागली. मी पालक सभा बोलावली. सकाळी आठला, आठवी ब च्या वर्गात. कोमलचा धाकटा भाऊ आठवीत होता. मंदाबाई गोठ्यात अडकल्या म्हणून कोमल आली, सही केली, आणि लगेच शिरूरची जीप धरून आयटीआयला गेली. सभेत ठराव झाला, अर्ज द्यायचा. पण अकराच्या सुमारास पालक फाट्यावर गेले आणि रस्त्यातच बसले. दोन तास वाहतूक बंद राहिली. तोवर मोकळ्या झालेल्या मंदाबाईही जाऊन बसल्या. त्या तर पहिल्या रांगेत होत्या.

संध्याकाळी मी सभेच्या कच्च्या यादीवरून पक्की केली. कच्चा कागद टोपलीत टाकला. दुसऱ्या दिवशी हवालदार आले. भाऊसाहेब चहाला गेले होते.

"मॅडम, काल कोण कोण होतं, यादी हाय का?"

मला आनंद झाला. कुणीतरी पहिल्यांदाच माझ्यासमोर उभं राहून मलाच विचारलं होतं. काल, यादी, हे शब्द ऐकताच माझा हात ट्रेकडे गेला. "उपस्थितांची यादी", खाली दिनांक, अकरा नावं, सुवाच्य. सभेची जागा आणि वेळ मी पक्क्या यादीत घेतली नव्हती. ती इतिवृत्तात येणारच होती, दोनदा कशाला लिहायची. हवालदार म्हणाले, "असं काम पायजे." दिवसभर मला ते वाक्य पुरलं.

भाऊसाहेब त्या वेळी जागेवर असते तर त्यांनी हवालदारांना बसवून त्यांच्या सासुरवाडीचा ऊस विचारला असता, आणि कोणती यादी, कशाची, कुठल्या वेळची, हे बोलता बोलता निघालं असतं. हे मला त्याच दिवशी सुचलं होतं, पण हवालदार गेल्यावर.

चार दिवसांनी बेकायदा जमाव, रस्ता अडवणे वगैरे कलमांखाली अकरा जणांवर गुन्हा नोंदवला गेला. पालक एफआयआरची प्रत घेऊन कार्यालयात आले. दहा जण खरोखरच रस्त्यावर होते, त्यांना फारसं वाईटही वाटत नव्हतं. एकानं तर पुढच्या निवडणुकीत दाखवायला म्हणून ती लॅमिनेट करून घेतली. पण तिसरं नाव कोमलचं होतं.

"कोमल कुठनं आली?" मंदाबाई म्हणाल्या. "ती तर आयटीआयला गेल्ती. रस्त्यावर मी बसले व्हते. माझं नाव कुठंय?"

लॅमिनेटवाल्या पालकांचं लक्ष क्रमाकडे गेलं. "आरं, आपण शाळंत सह्या केल्या त्याच नंबरानं नावं हायती. पैलं माझं, दुसरं ह्याचं. यादी हितनंच गेली म्हंजी. कुणी दिली?"

समोरून टेबलाखाली पायानं चपला चाचपडल्याचा आवाज आला. भाऊसाहेब म्हणाले, "मी दिली."

आता आरडाओरडा होणार, असं मला वाटलं. निदान कुणी तरी काही बोलेल. मंदाबाई म्हणाल्या, "तुम्ही दिली म्हंजी काय तरी इचार करूनच दिली असंल." आणि लॅमिनेटवाले म्हणाले, "जाऊ द्या भाऊसाहेब, हुतं असं. चहा सांगा."

चहा आला. माझी चूक त्यांनी उचलली आणि तिच्यावर त्यांना चहाही मिळाला. उपकार वाटायला हवे होते. मला वाटलं ते असं: ही माफी माझी होती. चूक माझी, तर माफीही माझ्याच वाट्याची.

सगळे गेल्यावर मी विचारलं, "तुम्ही का सांगितलंत असं?"

"मॅडम, माझी रिटायरमेंट चार महिन्यांवर. तुमची चौदा वर्षं राहिलीत. चौदा वर्षं या लोकांनी दाखले मागायला तुमच्याकडं यायचंय." मग नव्या डबीतून काटा काढून दात कोरत म्हणाले, "आन् तसंही ते माझ्याकडंच मागत्यात."

ते निवृत्त झाले, खताची पोती टेम्पोत घालून दौंडला बहिणीकडे गेले. आरोपपत्र शिरूरच्या कोर्टात दाखल झालं. गेल्या वर्षी कोमल पोलीस भरतीत उतरली. पहाटे कालव्याच्या रस्त्यावर पळून पळून तिनं मैदान मारलं, लेखी मारली, निवड झाली. आणि चारित्र्य पडताळणीत गुन्हा प्रलंबित निघाला. नेमणूक थांबली. मंदाबाई ठाण्यात जायला निघाल्या होत्या, "रस्त्यावर मी व्हते, मला आत घ्या आन् तिला सोडा," म्हणून. भाऊसाहेबांनी दौंडहून फोनवर त्यांना थांबवलं. "तुम्ही गेलात तर बारा आरोपी व्हतील. अकराचे धा न्हाई व्हणार."

पालकांचा खटला बघणाऱ्या शिरूरच्या वकिलांनी मुंबईच्या एका वकीलबाईंशी गाठ घालून दिली. त्यांनी समजावलं, की हायकोर्टाकडे कोमलपुरता गुन्हा रद्द करायची विनंती करता येईल. पण हायकोर्ट साक्षीपुरावे तोलत बसत नाही. तिच्याविरुद्ध आरोपपत्रात ही यादी सोडून काही नाही. ती यादी रस्त्यावरच्या जमावाची नाहीच, हे वाद न घालता येईल अशा कागदावरून दिसलं पाहिजे. "मूळ कागद आहे का?"

मी टोपलीत टाकला होता. तो कागद मला डोळ्यांसमोर दिसत होता. माझ्याच हातचं शीर्षक, पालक सभा, सकाळी आठ, आठवी ब. मी काही बोलायच्या आत कोमलनं भाऊसाहेबांना फोन लावून मोबाइल टेबलावर ठेवला.

"चार हजार एकशे सात," आवाज आला, "सही करताना तू काय लिव्हलं व्हतंस?"

"आईचं नाव, म्होरं 'करिता', आन् खाली माझं. तुम्हीच शिकवलं व्हतं. आठवीत मी रजेच्या चिठ्ठीवर आईची सही ठोकल्ती, तवा."

"शाबास. दौंडला ये. मॅडमना पण आण, त्यांची नजर चांगली हाय."

आम्ही दोघी गेलो. त्यांनी तीन पोती ओढली, एकात हात घातला, "पेरणीतला कागद, बाजरी उगवून आल्ती," असं पुटपुटत एक गठ्ठा काढला, काटा उपसला, आणि सहावा की सातवा कागद माझ्या हातात दिला. माझ्या टोपलीतून उचललेला. तिसऱ्या ओळीत मंदाबाईंचं नाव, पुढे 'करिता', खाली कोमलची सही. ते 'करिता' पक्की यादी करताना मी गाळलं होतं, आणि सही ज्याची नाव त्याचं, असं धरलं होतं. कारण सांगते. रकान्यात मावत नव्हतं.

भाऊसाहेबांनी कागदावर बोट ठेवलं, 'करिता'वर, आणि माझ्याकडे बघितलं नाही. ते बघायचं टाळत होते हे मला दिसलं, आणि तेही मला सहन झालं नाही.

कागदाच्या मागच्या बाजूला त्यांनी रजेचा अर्ज लिहिला होता. "पोटात तीव्र वेदना होत असल्याने." वकीलबाई म्हणाल्या, कागद जोडायचा तर दोन्ही बाजू जोडाव्या लागतील. त्यामुळे भाऊसाहेबांचं पोट हायकोर्टात गेलं. मुख्याध्यापकांनी तो अर्ज वाचला आणि त्या तारखेला ते शिरूरला कोर्टात बसले होते हे आठवून एवढे हसले, की कागद शाळेचाच असल्याच्या प्रमाणपत्रावर सही करताना पेन घसरलं. मी सोळा वर्षांत एकदाही खोटी रजा काढली नाही. यावर कुणी हसल्याचं मला आठवत नाही.

बाकी सगळं मी केलं. आयटीआयकडून त्या दिवसाच्या हजेरीचा दाखला, सभेच्या इतिवृत्ताची खरी नक्कल, आरोपपत्राच्या झेरॉक्स, वकीलपत्रावर कोमलच्या सह्या, शिरूरच्या चार फेऱ्या, सगळ्याला पाननंबर आणि सूची. वकीलबाई म्हणाल्या, इतकी नीट फाइल तालुक्यातून कधी आली नव्हती. मी ते मंदाबाईंना सांगितलं. त्या म्हणाल्या, "भाऊसाहेबांनी शिकवलं असंल."

शाळेचं पत्र मात्र भाऊसाहेबांनी लिहिलं. ती यादी पोलिसांकडे कशी गेली, हे शाळेनं स्पष्ट करायचं होतं. पत्रिकेच्या पाठीवरचा त्यांचा मसुदा मी टाइप केला. "सदर यादी पालक सभेच्या उपस्थितीची असून ती कार्यालयातून देण्यात आली." मी टाइप करताना थांबले. मला कर्ता लिहायचा होता, खरंच लिहायचा होता, निदान तेव्हा तरी. फोन केला.

"भाऊसाहेब, 'देण्यात आली' असं लिहिलंय. कोणी, ते नाही."

"खोटं हाय का?"

"नाही."

"मग राहू द्या. हायकोर्टाला कागद पायजे, माणूस नको."

मी राहू दिलं.

तारखा पडत गेल्या. शेवटी ज्या दिवशी प्रकरण निघालं त्या दिवशी दहा मिनिटंही लागली नाहीत. सरकारी वकिलांनी चौकशी करून सांगितलं, की या मुलीविरुद्ध यादीखेरीज काही नाही, आणि यादी सभेची दिसते. कोमलपुरता गुन्हा आणि खटला रद्द झाला. बाकी दहा जणांचा शिरूरला चालू आहे. निकालाची प्रमाणित प्रत मी भरती कार्यालयात दिली आणि पोच घेतली. पुढच्या महिन्यात तिचं प्रशिक्षण सुरू होतंय. एसटीही आता थांबते.

म्हणून रविवारचा तो सत्कार. दोन तासांनी आम्ही शाल आणि नारळ बहिणीच्या हातात दिला आणि निघालो. चौफुल्याला चहाला थांबलो. मुख्याध्यापक फोनवर बोलायला बाजूला गेले, कोमल बूट बघायला समोरच्या दुकानात गेली. मंदाबाई माझ्या शेजारी सरकल्या.

"मॅडम, तुमचं अक्षर चांगलं. माझ्याकडनं भाऊसाहेबांना एक पत्र लिवा."

"काय लिहू?"

"लिवा, की तुमच्या हातनं यादी गेली त्याचा आमच्या मनात राग न्हाई. पैले दोन दिवस व्हता. पोरीचं तोंड बघून रात रात झोप न्हवती, तवा तुम्हाला लई शिव्या दिल्या मनात. त्या बी लिवा. आन् लिवा, की चूक कुणाकडनं बी व्हती, पर तुम्ही चार माणसात कबूल केली, दडवली न्हाई. म्हणून राग गेला." त्यांनी चहा संपवला. "हे शेवटचं नक्की लिवा. इसरू नका."

म्हणजे तोंडावर कुणी काही बोललं नव्हतं, तरी शिव्या होत्या. त्याही त्यांनाच मिळाल्या.

आज गुरुवार. माझ्या या आठवड्याच्या वहीत नऊ कामं होती, आठांवर खूण झाली आहे. पत्राचा कागद काढला आहे, कोरा, दोन्ही बाजूंनी. वर दिनांक घातला आहे. "ती. भाऊसाहेब यांना साष्टांग नमस्कार" एवढं लिहून झालं आहे. पुढचं वाक्य "आपल्या हातून" असं सुरू करायचं की "माझ्या हातून", हे ठरत नाही. मंदाबाईंचा फोन आला होता, गेलं का पत्र म्हणून. लिहिते म्हणाले. सोमवारी त्या सही करायला येणार आहेत.